वंशावळीत गाळलेली नावे

मंडळाच्या कुटुंबसूचीचे काम गेल्या वर्षी आमच्याकडे आले, तेव्हा सेनगाव तालुक्यातील आपल्या घरांच्या जुन्या याद्या आम्ही चाळल्या. एका कुटुंबास चार पुत्र असता यादीत तिघांचीच नावे आढळली. चौथा आपणां सर्वांच्या ओळखीचा. वार्षिक मेळाव्याच्या पंगतीत पाणी वाढण्याचे काम तो कित्येक वर्षे करीत आला आहे. त्यास डाउन सिंड्रोम आहे. गाव त्याला 'भोळा' म्हणते. याहून वाईट शब्दही आम्ही ऐकले आहेत.

ही गाळणूक फार जुनी. सुमारे नऊशे वर्षांपूर्वी कल्याणी नगरीत, म्हणजे आजच्या बसवकल्याणात, विज्ञानेश्वराने याज्ञवल्क्यस्मृतीवर 'मिताक्षरा' टीका लिहिली. अंध, पंगू, उन्मत्त, जड यांना पोसावे, पण वडिलार्जित धनात वाटा देऊ नये, असा तीतील दंडक. पोसण्याची आज्ञा होती, हेही न्यायाने सांगितले पाहिजे. १९२८ च्या कायद्याने ब्रिटिश हिंदुस्थानात अंधपंगूंवरील ही बंदी उठली. जन्मतः वेडा वा जडबुद्धी असलेला मात्र तेव्हाही बाहेरच राहिला. अखेर १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्याच्या २८ व्या कलमाने रोग वा व्यंग या कारणावरून कोणाचाही वारसा बुडणार नाही, असे ठरले.

डॉ. डाउन यांनी या अवस्थेचे वर्णन १८६६ साली केले. पेशींत एकविसावे गुणसूत्र दोनऐवजी तीन असते, हे १९५९ साली लेज्यून प्रभृतींनी दाखविले. यात ग्रहणाचा वा पूर्वजन्मीच्या पापाचा कोठेच संबंध नाही. मुंबईत वकील दांपत्याने अशाच आपल्या कन्येसाठी, जयसाठी, १९४४ साली शाळा काढली. तिच्या नावाने ती आजही चालू आहे.

आणि आम्ही? सुमारे चाळीस वर्षांपूर्वी याच मुलाचे वडील त्याचे बोट धरून आमच्या शाळेत आले होते. "याला घरीच ठेवा, इतर मुले हसतील," असे आम्ही सांगितले. हसणाऱ्यांना आवरणे हे आमचे काम होते, हे त्या वेळी सुचले नाही. सहा ते अठरा वर्षांच्या अशा मुलांना जवळच्या किंवा आपल्या पसंतीच्या विशेष शाळेत विनामूल्य शिकण्याचा हक्क २०१६ च्या कायद्याने दिला आहे. त्याच्या बाबतीत तो फार उशिरा आला.

यादी घेऊन आम्ही त्या वृद्ध गृहस्थांकडे गेलो. ते म्हणाले, "गुरुजी, नाव छापलं तर नातीच्या सोयरिकीला अडचण येईल." आमच्याजवळ उत्तर नव्हते. भीती खोटी नव्हती. ती आपणच, स्थळे पाहणाऱ्यांनी, निर्माण केलेली आहे. आठ दिवसांनी त्यांनी स्वतःच निरोप धाडला. या अंकातील सूचीत त्या घरी चार पुत्र आहेत.

इतर घरची अशी राहिलेली नावे पुढील सूचीसाठी अवश्य कळवावीत. शिक्षण व व्यवसाय हे रकाने कोरे राहिले तरी चालतील.