वाक्यांतील अवधारण आणि पोथ्यांची साक्ष

जुनी पोथी किंवा जुना कागद हातीं आला म्हणजे संशोधकाची दृष्टि प्रथम अक्षराकडे, मितीकडे व शिक्क्याकडे जाते, आणि तें योग्यच आहे. परंतु लिहिणाऱ्याच्या मनांत वाक्यांतील कोणत्या पदावर भार होता, हा प्रश्न क्वचितच विचारला जातो. बोलतांना हा भार आवाज दाखवितो. कागदावर आवाज उमटत नाहीं. मग तो ओळखावा कशावरून? निरनिराळ्या भाषांनीं याचें उत्तर निरनिराळें दिलें आहे, आणि तें ध्यानांत न घेतां केलेलें संपादन मूळ लेखाचा अर्थ फिरवूं शकतें. म्हणून वैदिक पोथ्या व मोडी कागद या दोहोंचा येथें एकत्र विचार करण्याचें योजिलें आहे.

स्वराचा विषय निघाला कीं इंद्रशत्रूची कथा सांगण्याचा प्रघात आहे. ती कथा समासाच्या स्वराची. आपणांस पाहावयाचा तो वाक्याचा स्वर. पाणिनीनें अष्टाध्यायीच्या आठव्या अध्यायांत सांगितलें आहे कीं, क्रियापदाच्या मागें क्रियापदेतर पद असल्यास तें क्रियापद सर्वस्वी अनुदात्त होतें (८.१.२८). मात्र तेंच क्रियापद ऋचेच्या चरणारंभीं आलें तर आपला उदात्त राखतें. यद्-शब्दाच्या रूपानें आरंभलेल्या गौण वाक्यांतही तें राखतें (८.१.६६), आणि 'यदि', 'चेत्' इत्यादि निपातांच्या योगानेंही (८.१.३०). 'च' किंवा 'वा' यांच्या योगांतील दोन क्रियांपैकीं पहिलीचा स्वर टिकतो (८.१.५९). म्हणजे धातु तोच, प्रत्यय तोच, अर्थही तोच. पण वाक्य येथें पुरें झालें कीं पुढें कांहीं यावयाचें आहे, यावर उच्चार ठरतो. वाक्य अपुरें आहे तोंवर आवाज खालीं येऊं द्यावयाचा नाहीं, असें या नियमांचें मर्म दिसतें. कोणी 'जर तो आला' एवढेंच बोलून थांबला तर आजही मराठी कानास तो उचललेला आवाज ऐकूं येतो. हे नियम घोकून टाकण्याचा विषय समजला जातो, ही खेदाची गोष्ट आहे. वाक्य ऐकण्याची इतकी सूक्ष्म शक्ति फार थोड्या वैयाकरणांनीं दाखविली आहे. जर्मन भाषेंत प्रधान वाक्याचें क्रियापद दुसऱ्या स्थानीं व गौण वाक्याचें शेवटीं येतें. या भेदाचा संबंध याकोब वाकरनागल यांनीं १८९२ सालीं क्रियापदाच्या या प्राचीन स्वरभेदाशीं जोडला. तें मत वादग्रस्त राहिलें, पण मूळ सामग्री पाणिनीची व वैदिक पोथ्यांची आहे.

आतां पोथ्यांकडे वळूं. ऋग्वेदाच्या पहिल्याच ऋचेंतील 'ईळे' हें पद पदपाठाच्या सस्वर पोथींत काढून पाहावें. दोन्ही अक्षरांखालीं आडवी रेघ आढळेल; क्रियापद प्रधान वाक्यांतलें व चरणाच्या आरंभीं नसलेलें आहे, याची ती खूण. परंतु सर्वत्र हीच पद्धति नाहीं. शतपथ ब्राह्मणाच्या पोथ्यांत खालची आडवी रेघ उदात्ताचीच खूण असते, म्हणजे अर्थ अगदीं उलटा! ब्यूलर यांनीं १८७५ सालच्या काश्मीर-प्रवासांत मिळविलेली ऋग्वेदाची भूर्जपत्रावरील शारदा पोथी पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरांत आहे. तींत अनुदात्ताची खूणच नसून उदात्तावर उभी रेघ येते. एका पद्धतीचा डोळा दुसरीस लावला कीं प्रधान वाक्य गौण होऊन बसतें.

पुढें संस्कृतांतून हा स्वर गेला, आणि भार दाखविण्याचें काम पदांचा क्रम व 'एव' यांच्यावर पडलें. संस्कृतांत शब्द कोठेंही ठेवावे, अर्थ तोच, असें आम्हांस शाळेंत शिकविण्यांत आलें होतें. विभक्तीपुरतें तें खरें. पण उद्देश्य आधीं व विधेय मागून यावें, आणि विधेय समासांत दडपूं नये, याबद्दल महिमभट्ट व मम्मट यांनीं केलेला काथ्याकूट उगाच नव्हे. मम्मटाचा 'अविमृष्टविधेयांश' दोष तो हाच. 'एव'चें तर नैयायिकांनीं त्रिविध विवेचन केलें आहे. 'पार्थच धनुर्धर' म्हटल्यानें इतर वगळले जातात. 'चैत्र धनुर्धरच' म्हटल्यानें चैत्राविषयींची शंका जाते. 'कमळ निळें असतेंच' यानें तसें असणें अगदींच अशक्य नाहीं एवढें ठरतें. अव्यय एक, पण ज्या पदास चिकटेल त्याप्रमाणें अर्थ निराळा. ही तिन्हीं वाक्यें मराठींत 'च'नें जशींच्या तशीं उतरतात, हें लक्षांत घेण्याजोगें आहे. प्राकृतांत हेमचंद्रानें 'चेअ', 'चिअ', 'च्च' हीं अवधारणार्थी अव्ययें दिलीं आहेत. आपला 'च' त्यांचा वारस.

इंग्रजींत शब्द जागच्या जागीं ठेवून नुसत्या आघातानें भार बदलतां येतो, म्हणून लेखनांत तो सहज हरवतो. फ्रेंच भाषा त्याकरितां बहुधा वाक्याची रचनाच फिरविते. मराठीचा कल क्रमाकडे व अव्ययांकडे आहे. 'पत्र सुभेदारांनीं धाडिलें' यांत भार धाडणारावर. 'सुभेदारांनीं पत्र धाडिलें' यांत पत्रावर. 'धाडिलें पत्र सुभेदारांनीं' यांत काम झालें यावर. क्रियापदाच्या लगतच्या पूर्वस्थानास आपल्या भाषेंत मान आहे.

मोडी कागदांत हा विचार अत्यंत आवश्यक होतो. आधीं ओळ आखावयाची व खालीं सलग अक्षरें लटकवीत जावयाचें. पदच्छेद नाहीं, विरामचिन्हें नाहींत, ऱ्हस्वदीर्घाचा भेद नाहीं. वाचणाराच्या हातीं क्रम व अव्ययें एवढींच साधनें उरतात. उदाहरणार्थ आम्हीच रचलेलें एक वाक्य घ्यावें: 'गडीचपळकाढिती'. 'गडीच पळ काढिती' असें तोडलें तर आपलीच माणसें पळालीं. 'गडी चपळ काढिती' असें तोडलें तर निवडक माणसें वेगळीं काढलीं. एका 'च'वर फौजेची अब्रू अवलंबून! अशा जागीं संपादकानें मागचापुढचा संदर्भ पाहून पदच्छेद करावा, परंतु अखंड पाठही टीपेंत छापावा. वाचकाच्या सोयीसाठीं वाक्यें 'सरळ' करून देणारे, म्हणजे कर्ता पुढें, कर्म मध्यें, क्रियापद शेवटीं असें बसविणारे संपादक तर मूळ साधनच नष्ट करतात. अल्पविराम घालावयाचे असल्यास घालावे. ते पुसतां येतात. बदललेला क्रम मूळ कागद गहाळ झाल्यावर परत आणतां येत नाहीं.

वैदिक पोथ्यांच्या संग्राहकांस एक विनंती आहे. यादी करतांना नुसतें 'सस्वर' असें लिहून थांबूं नये. स्वरचिन्हें कोणत्या पद्धतीचीं, तांबड्या शाईचीं कीं काळ्या, मूळ लेखकाच्या हातचीं कीं मागाहून घातलेलीं, आणि कितव्या पत्रापर्यंत घातलेलीं, एवढें नोंदविलें तरी पुष्कळ आहे. क्रियापदाखालच्या रेघेची शहानिशा मग त्या यादीवरून घरबसल्या आरंभितां येईल.