शाईचं गणित

कंपनांनी दुसऱ्या मिती स्थिर करणारं शास्त्र सायन्स फिक्शनमध्ये शोभतं. पेण-रोह्याच्या भजनातला पखवाज त्याच्या बराच जवळ जातो, आणि तो खराखुरा आहे.

तार एकाच मितीची. तिचे उपस्वर मूळ स्वराच्या दुप्पट, तिप्पट, चौपट असतात, म्हणून ती सुरेल वाटते. ताणलेलं कातडं दोन मितींचं. त्याचे उपस्वर १.५९ पट, २.१४ पट असे विस्कळीत. म्हणून साधा ढोल घुमतो, पण सूर धरत नाही. पखवाजाच्या उजव्या पुडीवर थरावर थर घोटून बसवलेली शाई हीच गुणोत्तरं पूर्णांकांकडे आणते.

मृदंग-तबल्याचं हे वैशिष्ट्य १९२० साली सी. व्ही. रामन आणि शिवकाली कुमार यांनी ‘नेचर’मध्ये मांडलं. १९३४ मध्ये रामन यांनी पुडीवर बारीक वाळू पसरून कंपनांच्या आकृत्या दाखवल्या: नऊ कंपनप्रकार, पण सूर पाचच.

स्पष्टीकरण नंतर आलं. शाई कितीतरी आधी होती. कानावर भरवसा ठेवून ती पहिल्यांदा बसवणाऱ्या कारागिरांची नावं मात्र आपल्यापर्यंत आलेली नाहीत. ‘प्राचीन विज्ञाना’च्या फॉरवर्डमध्येही त्यांना जागा नसते.