वतनाचे कागद आणि जर्मन समाजशास्त्रज्ञ

कोयना व केरा या नद्यांच्या संगमावर वसलेल्या पाटणच्या इतिहासांत जर्मन समाजशास्त्रज्ञांचा संबंध तो काय येणार, असा प्रश्न आमच्या वाचकांस पडणें साहजिक आहे. पाटण म्हटलें कीं दातेगड, पाटणकरांची देशमुखी व चाफळचा श्रीराम हींच डोळ्यांपुढें येतात. परंतु ज्या वतनी कागदांसाठीं आपण खेड्यापाड्यांतील दप्तरें धुंडाळतों, त्यांच्याच आधारें सुटणारा एक प्रश्न जर्मन विद्वानांनीं शंभर वर्षांहून अधिक काळ चर्चिला आहे. राज्यें आलीं, राज्यें गेलीं, तरी हिंदुस्थानांतील गांव मोडला कसा नाहीं, आणि त्यांतील पाटील, कुळकर्णी, सुतार, लोहार यांचा परस्परांशीं संबंध कोणत्या स्वरूपाचा, हा तो प्रश्न होय.

कार्ल मार्क्स यानें १८६७ सालीं प्रसिद्ध केलेल्या आपल्या 'भांडवल' ग्रंथाच्या पहिल्या खंडांत हिंदी गांवाचें वर्णन केलें आहे. मुखत्यार पाटील, हिशेबनीस, जोशी, सुतार, लोहार, कुंभार, न्हावी, परीट, सोनार असे सुमारें बारा असामी त्यानें मोजले. आधार मुख्यतः मार्क विल्क्स याच्या दक्षिण हिंदुस्थानच्या इतिहासाचा, म्हणजे म्हैसूरकडील. मोडी कागदाशीं त्याचा संबंध नव्हता. त्यामुळें गांव त्यास आपोआप चालणारा व कधीं न बदलणारा दिसला, यांत नवल नाहीं.

पुढें समाजशास्त्र हें जर्मनींत स्वतंत्र शास्त्र म्हणून उभें राहिलें. नात्यागोत्यानें बांधलेला समाज निराळा व करारानें जोडलेला निराळा, हा भेद फर्डिनंड टोनीस यानें १८८७ त मांडला. १९०९ सालीं बर्लिन येथें जर्मन समाजशास्त्र मंडळ स्थापन झालें. टोनीस, गेओर्ग झिमेल व मॅक्स वेबर हे त्याच्या संस्थापकांत होते. १९३३ नंतर नाझी अमलांत या शास्त्राचे अनेक पंडित देशोधडीस लागले, तो इतिहास निराळा.

आमच्या कामाचा तो वेबर. हिंदु व बौद्ध धर्मांवरील त्याचा निबंध १९१६-१७ त नियतकालिकांतून आला. तो १९२० त वारला आणि निबंध १९२१ त ग्रंथरूपानें निघाला. वेबर हिंदुस्थानांत कधीं आला नाहीं. खानेसुमारीचे अहवाल व इंग्रजी ग्रंथ हीच त्याची सामग्री. तरी त्याची नजर मार्क्सपेक्षां तीक्ष्ण. गांवचा कारागीर दर कामाचे दाम घेत नाहीं. तो सबंध गांवाची चाकरी करतो व जमीन किंवा पिकाचा वांटा घेतो, हें त्यानें हेरलें आणि त्यास 'लोकांचें काम करणारा' अशा अर्थाचा ग्रीक शब्द लावला. शिवाय, अधिकारास जोडलेलें उत्पन्न घराण्याची मालमत्ता कसें बनतें, याचीहि त्यानें चिकित्सा केली. आमच्या मतें हें विवेचन 'वतन' व 'वृत्ति' या शब्दांच्या अगदीं जवळ येतें. मात्र जाति व कर्मसिद्धांत यांमुळेंच या देशांत भांडवली व्यवहार वाढला नाहीं, असा जो निष्कर्ष त्यानें काढला तो आम्हांस जसाच्या तसा मान्य नाहीं.

योगायोग असा कीं, त्र्यंबक नारायण अत्रे यांचा 'गांव-गाडा' १९१५ सालीं निघाला. वेबर पुस्तकांतून पाहत होता, अत्रे बांधावर उभे राहून. बलुत्या-अलुत्यांचा बोजा कुणब्याच्या पाठीवर बसतो, असा अत्र्यांचा रोख आहे. वेबरनें गांवाची रचना दाखविली, अत्र्यांनीं तिची किंमत कोण भरतो तें दाखविलें.

या वादाचा निकाल कागदांवांचून लागणें नाहीं. उत्तरेकडील एका गांवावरून वायझर यानें १९३६ त दाखविलें कीं, कारागीर विशिष्ट यजमानांच्या घरांशीं बांधलेला असतो. महाराष्ट्रांत तसें होतें काय? पेशवाईंतील कागद तपासून १९७२ सालीं याचें उत्तर दिलें तें हिरोशी फुकाझावा या जपानी विद्वानानें: येथील बलुतेदार घराचा नव्हे, गांवाचा चाकर. वेबरचा शब्द अशा रीतीनें मोडी कागदांवर खरा ठरला. हें काम आमच्यापैकीं कोणी आधीं केलें असतें तर अधिक शोभलें असतें.

पण कागद याहूनहि पुढें नेतात. दुष्काळांत पोटासाठीं किंवा सरकारच्या दंडासाठीं निमी पाटिलकी विकल्याचीं खरेदीखतें पाहा. टिळा-विडा आधीं कोणाचा, होळीची पोळी कोणाची, पोळ्याचा बैल पुढें कोणाचा, हें त्यांत बारकाईनें लिहिलेलें असतें. महजरांवर पाटलाच्या नांगराबरोबर न्हाव्याचा आरसा व परिटाची मोगरी निशाणी म्हणून उमटते. म्हणजे बलुतेदार हा नुसता यंत्राचा दांता नव्हे, गोतांत बसून साक्ष देणारा असामी होता. वतन विकत होतें, वांटलें जात होतें, त्यावर पिढ्यानपिढ्या भांडणें होत होतीं. अशा गांवास अचल कोण म्हणेल?

जर्मनीचा दुसरा धागा तर थेट पाटण तालुक्यांत येतो. इरावतीबाई कर्वे यांनीं बर्लिनांत ऑयगेन फिशर याच्या हाताखालीं मानववंशशास्त्राचा अभ्यास केला. कवटीच्या दोन बाजूंतील विषमता वंशावरून ठरत नाहीं, हा त्यांचा निष्कर्ष गुरूच्या अपेक्षेविरुद्ध होता. तरी त्यांनीं तो लिहिला. पुढें १९३९ पासून त्या पुण्याच्या डेक्कन कॉलेजांत होत्या. त्यांनीं व जाई निंबकर यांनीं कोयना धरणामुळें उठलेल्या लोकांची केलेली पाहणी १९६९ त प्रसिद्ध झाली. कवट्या मोजण्यापासून आरंभ केलेल्या विदुषीनें अखेरीस पाण्याखालीं गेलेल्या गांवांच्या माणसांकडे जावें, हें आम्हांस त्यांच्या विद्येचें मोठेपण वाटतें.

त्याच सुमारास वतनें कायद्यानें गेलीं. परगणे व कुळकर्णी वतनें १९५० च्या कायद्यानें, कनिष्ठ ग्रामवतनें १९५८ च्या. अदालतींत कागदांची किंमत संपली, आणि कोयनेच्या खोऱ्यांत घरेंहि हललीं. संग्राहक मंडळी शिक्क्यांचीं राजपत्रें जपतात. बलुत्याची यादी, हक्काचा तंटा, निशाण्यांचा फाटका महजर यांस रद्दी समजतात. ज्यांच्या संग्रहीं पाटण किंवा जावळीकडील असे कागद असतील, त्यांनीं त्यांच्या नकला, निशाण्यांसह, मंडळाकडे पाठवाव्या. निशाण्या नकलेंत गाळूं नयेत.