मीक्स, वेन
(1932–2023). आद्य ख्रिस्ती समाजाचे अमेरिकन इतिहासकार. जन्म अलाबामा राज्यात. येल विद्यापीठाची डॉक्टरेट (1965) मिळवल्यावर त्यांनी 1969 ते 1999 तिथेच अध्यापन केले. त्यांची कीर्ती मुख्यतः ‘द फर्स्ट अर्बन ख्रिश्चन्स’ (1983) या ग्रंथामुळे आहे. प्रेषित पौलाची पत्रे ज्यांच्यासमोर वाचली गेली ती शहरी माणसे कोण होती, हा त्यांचा प्रश्न. करिंथचा नगर-अधिकारी एरास्त, किंख्रियाची फीबी, तंबू करणारे अक्विल्ला आणि प्रिस्का अशा ओझरत्या उल्लेखांतून त्यांनी एक जग उभे केले. या जगात एखादी मुक्त झालेली दासी श्रीमंत असे, तरी जन्माने हीनच गणली जाई. दर्जाची ही विसंगती पौलाच्या अनुयायांत ठळक होती, हे त्यांचे सर्वांत मोलाचे निरीक्षण. या अनुयायांच्या ख्रिस्ती मंडळ्यांची तुलना त्यांनी रोमन कुटुंब, स्वेच्छामंडळे, सिनेगॉग आणि तत्त्वज्ञांच्या शाळा यांच्याशी केली, मात्र कोणताही साचा पूर्ण बसत नाही, हेही प्रांजळपणे नोंदवले. बाप्तिस्मा आणि प्रभुभोजन या विधींतून समाज कसा बांधला जातो, याचे त्यांचे विवेचन आजही ताजे वाटते. ‘द ओरिजिन्स ऑफ ख्रिश्चन मोरॅलिटी’ (1993) या ग्रंथात त्यांनी हीच दृष्टी पहिल्या दोन शतकांतील नीतिकल्पनांकडे वळवली.