माटोळी आणि कागदाची फळे

गोमंतकात गणेशचतुर्थीस मूर्तीच्या माथ्यावर लाकडी पट्ट्यांची एक चौकट आढ्याला टांगतात आणि त्या ऋतूतील फळाफुलांनी, कंदांनी व रानवेलींनी ती भरून टाकतात. हीच माटोळी. तळकोकणात तिला माटवी म्हणतात. नारळ, सुपारीचे घोस, केळीचे घड, चिबूड, दोडकी, तोरिंजन ही बागायतीची फळे. कवंडाळ, कांगले, घागऱ्या ही रानाची. बांधावयाची तीही कुमयाच्या सालीच्या दोरांनी. दुसऱ्याच दिवशी, नव्याच्या पंचमीस, भाताच्या नव्या लोंब्या देवापुढे येतात. तेव्हा माटोळी म्हणजे नुसती आरास नव्हे. त्या वर्षी शिवाराने व रानाने काय दिले, याची ती जणू टांगलेली नोंदवहीच होय.

ही चाल सहजासहजी टिकलेली नाही. गोव्यात १५६० साली धर्मसमीक्षण सभा स्थापन झाली; मधला अल्प खंड सोडल्यास ती १८१२ पर्यंत चालली. १७३६ च्या फर्मानाने तर विवाहप्रसंगीच्या साध्या देशी रीतींवरही बंधने घातली. मूर्ती घरात ठेवणे धोक्याचे झाले, तेव्हा कित्येक कुटुंबांनी कागदावर रेखाटलेला गणपती पूजिला, कित्येकांनी केवळ पत्री पूजिली, असे परंपरा सांगते. कागद घडी करून लपविता येतो, पत्री पाहून कोणास संशय येत नाही. आजही काही गोमंतकीय घरांत कागदाचाच गणपती बसतो. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात पोर्तुगीजांकडे आलेल्या फोंडे, सत्तरी, काणकोण आदी महालांत हा जाच तितका पोचला नाही, आणि जंगलही तेथेच दाट. माटोळीचे वैभव त्या बाजूस अधिक दिसावे, यात नवल नाही.

रास लफानच्या मराठी माणसापुढील अडचण वेगळ्या जातीची आहे. येथे अडवणूक निसर्गाची. समुद्रातील वायुक्षेत्राचा शोध १९७१ चा. दोह्याच्या उत्तरेस सुमारे ८० किलोमीटरवरील या किनाऱ्यावरून द्रवरूप वायूचे पहिले जहाज १९९६ च्या अखेरीस निघाले, आणि त्या उद्योगामागून आपली कुटुंबे अल खोरच्या वसाहतीत आली. बाजारात नारळ व केळी मिळतात. कवंडाळ कोठून मिळणार?

येथे कागद पुन्हा उपयोगी पडतो. पण सारीच माटोळी कागदाची करणे मला पसंत नाही. जे फळ मिळते ते खरेच टांगावे. जे मिळणे अशक्य, तेवढेच कागदाचे करावे. दुकानातील प्लास्टिकचे सफरचंद टांगण्यात तर काहीच स्वारस्य नाही, कारण ते करताना कोणास काही आठवावे लागत नाही. कागदाचे कवंडाळ करावयाचे म्हटले की त्याचा आकार कसा, ते पिकल्यावर रंग कोणता, देठ कोठे, हे आजीला विचारावे लागते.

लगद्याची विद्या आपल्याला परकी नाही. काश्मीरची कलमदाने प्रसिद्धच आहेत. पण आपल्या खेड्यांतील बायकाही रद्दी भिजवून, तीत मेथी वाटून घालून, पालथ्या भांड्यावर टोपल्या थापीत. कृती तीच. साधे वर्तमानपत्र फाडून रात्रभर भिजत ठेवावे. गुळगुळीत मासिकाचा कागद विरघळत नाही. अरबी पत्रे मात्र घेऊ नयेत: त्यांत ईश्वराचे नाव वा कुराणातील वचन असण्याचा संभव असतो, आणि यजमान देशाच्या श्रद्धेचा मान आपण राखलाच पाहिजे. पाणी पिळून, भिजलेल्या मेथीसह लगदा वाटावा. मेथीने तो चिकट होतो व कीडही लागत नाही; खळीत मोरचूद घालण्याची जुनी रीत मुले असलेल्या घरात नकोच. कागदाच्या घट्ट बोळ्यात टांगण्यासाठी तार खोवून त्यावर लगद्याचे पातळ थर द्यावेत. एकदम जाड थर दिला तर आतून ओला राहून बुरसतो. येथे भाद्रपदात किनाऱ्याची हवा दमट असते, म्हणून फळे घरातच, पंख्याखाली, तीनचार दिवस वाळवावीत. मग खडूचा हात, आणि त्यावर रंग.

विसर्जनानंतर खरी फळे वाटली जातात. कागदाची पाण्यात सोडू नयेत. पुसून पेटीत ठेवावीत. प्रत्येकाच्या बुडाशी शाईने नाव लिहावे, आणि ते सांगणाऱ्या आजीच्या गावाचेही, कारण एकाच रानफळाला पेडण्यात एक नाव असते आणि काणकोणात दुसरे.