राजापूर लुटीने नाही, गाळाने बसलं

राजापूरचा विषय निघाला की आपली गाडी थेट १६६१ सालावर जाते. पन्हाळ्याला सिद्दी जौहरचा वेढा होता तेव्हा इथल्या वखारीतला हेन्री रेव्हिंग्टन इंग्रजांचं निशाण लावून गडावर तोफगोळे टाकायला गेला. पुढच्या वर्षी महाराजांनी राजापूर गाठलं, वखार लुटली, साहेबांना कैद केलं. ते सुटले १६६३ मध्ये. त्या लुटीच्या भरपाईचं घोंगडं राज्याभिषेकाला ऑक्झिंडेन रायगडावर आला तोपर्यंत भिजत होतं. अभिमानाचाच प्रसंग आहे, दरवर्षी व्हॉट्सॲपवर फिरतो. पण इंग्रज मुळात इथे आले कशाला, हे कुणी विचारत नाही.

आले ते खाडीसाठी. जैतापूरला समुद्रातून आत शिरलं की गलबत थेट अर्जुना नदीतून राजापूरच्या धक्क्यापर्यंत यायचं. मागे अणुस्कुरा घाट. घाटावरून मिरी नि कापड बैलांच्या पाठीवर खाली उतरायचं आणि इथून अरबस्तानापर्यंत जायचं. आदिलशाहीचं हे मोठं बंदर. लुटीनंतरही ते संपलं नाही, आंग्र्यांच्या आणि पेशव्यांच्या काळातही चालूच होतं.

संपवलं ते गाळाने. १८८० च्या रत्नागिरी गॅझेटियरात दोन्ही गोष्टी लिहिलेल्या आहेत. कोकणातलं सगळ्यात जुन्या वळणाचं आणि सगळ्यात चांगलं टिकलेलं गाव हे, अरुंद चढाचे रस्ते, फरसबंदी आणि वर छप्पर असलेली बाजारपेठ. वखारीत तेव्हा सरकारी कचेरी. अरबांची गलबतं अजून येत होती, पण मोठं जहाज जुन्या धक्क्याच्या तीन मैल अलीकडेच थांबायचं. म्हणजे दीडशे वर्षांपूर्वीच नदी भरत आली होती! डोंगर उघडे पडले, माती खाली आली, दुसरं काय. पुढे आगबोटी आल्या त्या खाडीच्या तोंडाशीच थांबल्या, रेल्वे आली तीही शहरापासून लांबून गेली. राजापुरी पंचा तेवढा सगळ्या महाराष्ट्राला माहीत.

आता गंमत बघा (गंमत कसली म्हणा). ज्या गाळाने बंदर घेतलं तोच आता बाजारपेठ घेतोय. अर्जुना आणि कोदवली, दोन्ही नद्यांची पात्रं उथळ झालीत. जोराचा पाऊस आणि समुद्राची भरती एकत्र आली की पाणी जवाहर चौकात. दुकानदार माल माळ्यावर चढवतात, दोन दिवसांनी चिखल काढतात, परत शटर वर. असं किती वर्षं करणार? ज्याला जमतं तो वर महामार्गाकडे सरकतो. मागे राहिलेल्या माडीच्या घराचं कौल निघतं, मग वासे, मग एक दिवस तिथे स्लॅब. त्यात दुकानदाराला दोष देण्यात अर्थ नाही.

मी स्मारकं मागत नाहीये. वखारीला कुंपण घालून पाटी लावली की आपली जबाबदारी संपली असं होतं, आणि बाजार तसाच बुडत राहतो. माझं मागणं साधं आहे. गाळ काढणं हे एखाद्या वर्षी फोटो काढून करायचं काम नाही. ते दर उन्हाळ्याचं काम म्हणून नगरपरिषदेच्या अंदाजपत्रकात यायला हवं, रकमेसकट. आणि काढलेला गाळ काठावरच ढीग करून ठेवायचा नाही, पहिल्या पावसात तो परत नदीतच जातो.

पेठेतल्या कुणाकडे जुन्या धक्क्याचे, घरांचे फोटो किंवा वाडवडिलांच्या व्यापाराच्या चोपड्या असतील तर खाली कळवा. पावसाआधी सगळं माळ्यावर चढवतानाच बघून ठेवा.