साळुंके, अण्णा
साळुंके, अण्णा : (विसाव्या शतकाचा पूर्वार्ध). भारतीय मूकपटातील आद्य अभिनेते व छायालेखक. पूर्ण नाव अण्णा हरी साळुंके. चित्रपटनिर्माते दादासाहेब फाळके यांना *राजा हरिश्चंद्र* (१९१३) या मूकपटातील नायिका तारामतीच्या भूमिकेसाठी स्त्री मिळेना. स्त्रिया पडद्यावर येण्यास राजी नव्हत्या. मुंबईत ग्रँट रोडच्या एका उपाहारगृहात दरमहा १० रुपयांवर काम करणारे साळुंके फाळक्यांच्या नजरेत भरले ते सडपातळ बांध्यामुळे व नाजूक हातांमुळे. १५ रुपये पगारावर ते फाळक्यांकडे आले. ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कोरोनेशन चित्रगृहात प्रेक्षकांनी त्यांची तारामती पाहिली. कारंज्यातील स्नानदृश्यात नेसत्या साडीनिशी भिजलेली तारामती व तिच्या सख्या हे सारे पुरुष नट होते.

*लंकादहन* (१९१७) मध्ये त्यांनी राम व सीता या दोन्ही भूमिका केल्या. भारतीय चित्रपटातील ही पहिली दुहेरी भूमिका मानली जाते. पुढे त्यांनी छायालेखनही केले. *मोहिनी भस्मासुर* (१९१३) पासून दुर्गाबाई कामत व कमलाबाई गोखले यांच्या रूपाने स्त्रिया पडद्यावर आल्या. मात्र भारतीय कथापटाची पहिली नायिका साकारण्याचा मान साळुंके यांचाच. नटांच्या परंपरेअभावी चाचपडणाऱ्या नव्या कलेला त्यांनी चेहरा दिला.